हत्तीची पावले वाजवणारा पिपा

मी एक जुना पिपा आहे. पत्र्याचा, चौकोनी, एके काळी पंधरा किलो तेल पोटात घेऊन फिरणारा. सध्या माझा मुक्काम वडनेर गावात, सरपंच रूपरावजींच्या कवेलूच्या, म्हणजे कौलांच्या, छपरावर आहे. तिथे टीव्हीच्या अँटेनाचा बांबू आहे आणि त्या बांबूच्या कमरेला मी दोरीने बांधलेला आहे. पावसाळ्यात माझ्यात पाणी साचते. उन्हाळ्यात त्या पाण्याच्या आठवणीने कावळे येतात, आत डोकावतात आणि मीच ते पिऊन टाकले अशा नजरेने माझ्याकडे बघतात.

मित्रांनो, छपरावर बांधलेल्या वस्तूला तिचा आधीचा पेशा कोणी विचारत नाही. म्हणून न विचारता सांगतो. मी सिनेमात होतो.

तुम्ही हसाल. हसून घ्या. मी तीन वर्षे इथेच थांबलो आहे, आणखी थोडा वेळ थांबेन.

माझा जन्म १९६६ साली हिंगणघाटच्या एका टिनाच्या कारखान्यात झाला. त्या दिवशी माझ्यासोबत आणखी चारशे भाऊ जन्मले, त्यामुळे बारसे वगैरे झाले नाही. आत्मवृत्तात बालपण रम्य असते, असे लिहिण्याची पद्धत आहे. माझे बालपण तेलकट होते. सरकीचे तेल भरून आणि कथिलाचा डाग देऊन माझे तोंड बंद केले गेले, आणि पहिले तीन महिने मी एक शब्द न बोलता काढले. ही सवय पुढे सिनेमात फार उपयोगी पडली.

वडनेरचे शेतकरी नानाजी भोयर यांनी मला घरी आणले. तेल संपल्यावर पिप्याचे काय करायचे हे घरची बाई ठरवते. कोणी पाणी तापवायला जातो, कोणाला कापून गोठ्याचे दार करतात. नानाजींच्या पत्नी भागीरथाबाईंनी मला वावरात पाठवले. ज्वारीचे दाणे भरत आले होते आणि पोपटांचे थवे उतरत होते. मचाणावर बसून पिपा बडवायचा आणि पोपट उडवायचे, हे काम घरचा मुलगा चंद्रभान याच्याकडे होते. वय एकोणीस, मॅट्रिक दोनदा नापास.

पिपा बडवणे हे साधे काम आहे. आवाज कर्कश आला पाहिजे, एवढीच अट. चंद्रभानला ती अट पाळता आली नाही. पऱ्हाटीच्या, म्हणजे कपाशीच्या वाळल्या झाडाच्या, दोन काड्या घेऊन त्याने मला असे काही वाजवले की पहिल्या दिवशी पोपट उडाले, दुसऱ्या दिवशी बांधावरच्या बाभळीवर जाऊन बसले, आणि चौथ्या दिवसापासून वेळेवर येऊ लागले. आठव्या दिवशी शेजारच्या वावरातलेही आले. ते ज्वारी खात होते आणि मान डोलावत होते.

नानाजी वावरात आले, त्यांनी कणसे पाहिली, पोपट पाहिले, मग मुलाकडे पाहिले.

"काऊन रे लेका, तुले पोपट हाकलाले बसवलं का पंगत वाढाले?"

"बाबा, ते आयकून राह्यले."

"आयकून नाई राह्यले, खाऊन राह्यले! आयकनं त् बहाणा हाये!"

पुढे मुंबईत आम्ही पुष्कळ श्रोते पाहिले. नानाजींचे हे वाक्य त्यातल्या बहुतेकांना लागू पडले.

त्या वर्षी ज्वारी कमी झाली आणि चंद्रभान गावच्या भजनी मंडळात गेला. तिथे खंजेरी, मग पेटी, मग वर्ध्याचा एक ऑर्केस्ट्रा. १९७१ साली एका दुपारी तो बापासमोर उभा राहिला आणि म्हणाला की मी मुंबईला जातो, संगीतकार होतो. मी कोपऱ्यात होतो. पुढचा संवाद मी जसाच्या तसा देतो, कारण सगळे प्रकरण तिथूनच सुरू झाले.

"संगीतकार म्हंजे काय करते?" नानाजींनी विचारले.

"गाण्याले चाल लावते."

"गानं लिहिते कोन?"

"ते दुसरा लिहिते."

"म्हनते कोन?"

"म्हननारा तिसरा."

"वाजवत असन मंग."

"नाई बाबा, वाजवनारे वेगळेच राह्यते."

नानाजींनी सुपारी कातरायची थांबवली. "लिहिते एक, म्हनते एक, वाजवते एक. मंग तू काय करून राह्यला तिथं?"

चंद्रभान म्हणाला, "माहं नाव येते बाबा. पडद्यावर. मोठ्या अक्षरात."

"हे बरं हाये," नानाजी म्हणाले. "मंग ज्या दिवशी माह्या डोयानं ते नाव पाहीन, त्या दिवशी मानीन का पोट्टा काही करून राह्यला. तोवर कोनी इचारलं त् सांगीन, चंद्या मुंबईले फिराले गेला."

नानाजी शब्दाचे पक्के होते. त्यानंतर पंधरा वर्षे वडनेरात कोणीही विचारले, "नानाजी, पोरगा काय करते?" की ते सांगत, "फिरून राह्यला." एखादा माणूस पंधरा वर्षे कुठे फिरत असेल, असा प्रश्न लोकांना पडे. पण नानाजींना विचारायची कोणाची छाती नव्हती.

भागीरथाबाईंनी मला घासले, कडीचे झाकण बसवून घेतले आणि आत ज्वारीचे पीठ भरले. स्टेशनावर सगळे पिपे सारखेच दिसतात, म्हणून माझ्यावर नाव टाकायला मला हिंगणघाटला हिरालाल पेंटरकडे नेले. हिरालाल ट्रक रंगवायचा. त्याने मला पिवळा रंग दिला आणि लाल अक्षरांत लिहायला घेतले.

"बापाचं नाव काय?"

"त्याची गरज नाई ना दादा, जागा नाई पुरत," चंद्रभान म्हणाला.

"जागा मी करतो. आपल्या इकडं बापाबिगर नाव लिहितेत काय? पिपा हारपला त् कोनाच्या घरी आनून देतीन?"

आणि त्याने लिहिले : चंद्रभान नानाजी भोयर, मु. पो. वडनेर. मग मला फिरवले आणि हाताच्या सवयीने मागच्या बाजूला 'फिर मिलेंगे' लिहून टाकले. पुसायला सांगितले तर म्हणाला, असू दे, शुभ असते.

अशा रीतीने मी पीठ घेऊन मुंबईला गेलो.

मुंबईत पीठ दीड महिन्यात संपले. उमेद संपायला वेळ लागला. चंद्रभान एका मोठ्या संगीतकाराकडे सहायक लागला. सहायकाचे काम असे की साठ वादक आणि चाळीस खुर्च्या यांचा मेळ घालायचा, स्वरलिपीच्या वह्या उतरवायच्या, गायिकेचा घसा बसला तर गरम पाणी आणायचे, आणि साहेबांना चाल सुचत नसेल तर आपली द्यायची. साहेबांना फारच क्वचित सुचत असे. चंद्रभान खोलीवर येई, मला मांडीत घेई, बोटांनी ठेका धरी आणि गुणगुणे. पेटीवर त्याला चाल लागत नसे, माझ्यावर लागे. सकाळी ती चाल साहेबांकडे जाई आणि तीन महिन्यांनी रेडिओवर साहेबांच्या नावाने परत येई. आम्ही दोघे ती ऐकत असू. चंद्रभान म्हणे, "बरी झाली." मी आतून रिकामा होतो, तरी मला भरून येई.

स्वतःचे काम मागायला गेला की निर्माते एकच वाक्य बोलत. "ते गाजलेले गाणे आहे ना, अगदी तसेच करा. फक्त ओळखू येता कामा नये." एकाने तर आमची चाल पूर्ण ऐकली, डोळे पुसले आणि विचारले, "हे कशासारखे आहे?" चंद्रभान म्हणाला, "कशासारखेच नाही." त्यावर तो निर्माता घाबरला आणि त्याने पुन्हा दार उघडले नाही.

१९७६ साली शेवटी एक मराठी सिनेमा मिळाला. नाव होते 'दारी आला हत्ती'. चार गाणी आणि सगळे पार्श्वसंगीत चंद्रभानचे. आणि आता माझ्या आयुष्यातला सर्वात मोठा प्रसंग सांगतो.

सिनेमात खरा हत्ती होता. मित्रांनो, तुम्हाला ठाऊक नसेल, पण हत्ती चालताना आवाज करत नाही. त्याचे पाय गादीसारखे असतात. दिग्दर्शकांनाही ठाऊक नव्हते. पडद्यावर एवढा मोठा हत्ती गावात शिरत होता आणि आवाज मांजराचा, म्हणजे शून्य. दिग्दर्शक म्हणाले, हा फुकट गेला. तेव्हा चंद्रभानने मला पालथे घातले, माझ्या पाठीवर ओले पोते टाकले आणि मूठ मारली. धम्. हत्तीचा उजवा पाय. धम्. डावा. दिग्दर्शक उठून उभे राहिले. त्यांनी मला मिठी मारली. अडीच तासांच्या सिनेमात हत्ती एकशे चौदा पावले चालतो. ती सगळी मी चाललो.

नावांची यादी तयार झाली. त्यात हत्ती होता, 'मोहन' या नावाने. हत्तीचा माहूत होता. ज्यांच्या घरचा सोफा वापरला त्यांचे आभार होते. मी नव्हतो. मी समजूतदार पिपा आहे, मी बोललो नाही. पण सोफा?

असो. चंद्रभानचे नाव होते, आणि ते एका पाटीवर, एकटे होते. गिरडच्या जत्रेत तंबूचा टॉकीज आला की हा सिनेमा लागणार असे कळले आणि आम्ही गावी आलो. अख्खे वडनेर ट्रक करून गिरडला निघाले. नानाजींना अक्षरओळख नव्हती. म्हणून असे ठरले की शाळेचे हेडमास्तर लक्ष्मणराव गुरुजी त्यांच्या शेजारी बसतील आणि नाव आले की बोट दाखवतील. भागीरथाबाई पहिल्या रांगेत माझ्यावर बसल्या. त्यामुळे मी जे सांगतो ते अगदी जवळून पाहिलेले आहे.

गाव आले म्हणजे सत्कार आला. सत्काराशिवाय आमच्याकडे कोणी साधा शेतकी सोसायटीचा चेअरमनही होत नाही, हा तर संगीतकार. सरपंच रूपरावजींनी हार, शाल, नारळ सगळे आणले होते. अडचण एकच होती. तंबूवाल्याचे जनरेटर लहान होते. दिवा लावला की मशीन चालत नसे आणि मशीन लावले की दिवा लागत नसे. रूपरावजी म्हणाले, "मंग मशीनच लाव ना बाप्पा. उजेड त् त्याचाबी पडते."

आणि सिनेमा सुरू झाल्याबरोबर त्या उजेडात, पडद्याच्या पुढे, सत्कार सुरू झाला. रूपरावजी बोलायला उभे राहिले. चंद्रभानला बोलावले. मग म्हणाले, "पोराले घडवलं कोनं? बापानं! या नानाजी, तुमीबी या." नानाजी नको नको म्हणत होते, पण दोघांनी दंडाला धरून नेले. आता ते पडद्याकडे पाठ करून उभे, डोळ्यांवर मशीनचा झोत, हातात नारळ. पांढरा स्वच्छ सदरा घातलेला.

नाव आले. 'संगीत : चंद्रभान भोयर'. आले ते नेमके नानाजींच्या सदऱ्यावर.

तंबूतल्या प्रत्येक शिकलेल्या माणसाने ते वाचले. अक्षरे छातीवर मावली नाहीत म्हणून 'भोयर' रूपरावजींच्या पोटावर गेले होते. लक्ष्मणराव गुरुजी खुर्चीवर चढून ओरडले, "नानाजी, खाली पाहा! छातीवर हाये!"

नानाजींनी मान खाली घातली. तोवर पाटी बदलली होती.

"हे का?" ते म्हणाले.

"नाई, हा हत्ती हाये."

परतीच्या ट्रकमध्ये भागीरथाबाई एवढेच म्हणाल्या, "मले दिसलं बाप्पा, तुमच्या आंगावर कायतरी आल्तं. मले वाटलं पाल पडली." नानाजींनी शाल घडी करून बाजूला ठेवली. "दुसऱ्याच्या बोटानं वाचनं आजपासून बंद," ते म्हणाले. "आन् चंद्या अजून फिरूनच राह्यला."

दोन वर्षांनी सरकारने प्रौढ शिक्षणाचा वर्ग काढला. नानाजी तेव्हा साठीला टेकलेले. पाटी घेऊन पहिल्या दिवशी पहिले हजर. गुरुजींनी 'अ' काढला. नानाजींनी विचारले, "हा 'अ' चंद्याच्या नावात हाये काय?"

"नाई, पन पयले..."

"मंग राहू द्या. मले फक्त लागते तेवढीच सांगा. चंद्रभान भोयर. बाकीच्या अक्षरायशी माहं काही काम नाई."

गुरुजींनी फार समजावले. शेवटी त्यांनी एका कागदावर तेवढी अक्षरे, काना आणि मात्रा लिहून दिल्या. नानाजी ती वर्षभर घोटत राहिले. पुढे ते रस्त्याने चालताना कोणत्याही दुकानाच्या पाटीतून आपली अक्षरे वेचून काढत आणि बाकीची सोडून देत. किराणा दुकानाच्या पाटीत त्यांना एक 'रा' आणि एक 'न' मिळे, आणि ते समाधानाने पुढे जात.

ही तयारी पूर्ण झाली आणि चंद्रभानला हिंदी सिनेमा मिळाला. साल १९८१. मी त्यात गिरणीचे यंत्र वाजवले. सिनेमा हिंगणघाटला लागला तेव्हा आम्ही मुंबईतच होतो, म्हणून काय झाले ते गुरुजींच्या पत्राने कळले. चंद्रभानने ते मला मोठ्याने वाचून दाखवले. नानाजी सगळ्यात पुढे बसले होते. पाट्या सुरू झाल्यापासून संपेपर्यंत त्यांनी पापणी लववली नाही. शेवटी म्हणाले, "गुरुजी, यातलं एकबी माह्या ओळखीचं नाई."

सगळ्या पाट्या इंग्रजीत होत्या.

पत्राच्या शेवटी गुरुजींनी लिहिले होते, 'नानाजी बाहेर येऊन पायरीवर बसले. मला म्हणाले की आता या वयात तेही शिकतो, पण ते किती दिवसांनी पुन्हा बदलतील हे आधी विचारून घ्या.'

चंद्रभानने पत्र घडी करून माझ्यात टाकले आणि झाकण लावले. ते मी बरेच दिवस पोटात घेऊन होतो. पीठ जड असते, पण त्याची सवय होते.

त्यानंतरची वर्षे मला सांगायला आवडत नाहीत. बाजारात विजेवर चालणारे एक वाद्य आले. एक बटण दाबले की साठ व्हायोलिने, दुसरे दाबले की गिरणी. एका स्टुडिओत मी स्वतः ऐकले, त्यात हत्तीही होता. माझ्याइतका चांगला नव्हता. पण त्याला ओले पोते लागत नव्हते. चंद्रभानने दंतमंजनाची जाहिरात केली, छत्रीची केली, रेडिओसाठी ढेपेची, म्हणजे गुरांच्या पेंडीची, केली. तीत 'खा रे बैला' असे शब्द होते आणि चाल, खरे सांगतो, फार करुण होती. बैलांनी ढेप खाल्ली की नाही कळले नाही. निर्मात्याने मात्र पुन्हा बोलावले नाही.

आणि १९८६ साली टीव्हीची मालिका मिळाली. 'पोस्टमास्टर की छतरी'. तेरा भाग. सुरुवातीला पाट्यांखाली चाळीस सेकंदांचे संगीत, चार वादक आणि एक पिपा. चंद्रभानने बाकी कशाची चौकशी केली नाही. तो फक्त पाट्या लिहिणाऱ्याकडे गेला आणि विचारले, "देवनागरीत आहे ना?" होते. त्याने ते स्वतःच्या डोळ्यांनी पाहिले, दोनदा. मग मला उचलले आणि गाव गाठले. पहिला भाग रविवारी सकाळी होता.

गावात टीव्ही एकच, रूपरावजींचा. नागपूरहून येणारे चित्र वडनेरपर्यंत पोहोचताना दमून जात असे. त्या रविवारी ओसरी भरली, अंगण भरले. या वेळी सत्कार नाही, असे नानाजींनी आधीच बजावले होते. मनकर्णाबाई, म्हणजे रूपरावजींच्या पत्नी, टीव्हीला कुंकू लावायला निघाल्या तर त्यांनाही थांबवले. "काचेवर लावू नका वो बाई. माहं नेमकं त्याच्याखालीच येईन." नानाजी टीव्हीसमोर हातभर अंतरावर बसले. खिशात अक्षरांचा कागद होता.

टीव्ही लावला. सगळीकडे मुंग्या.

रूपरावजींचा गडी तानबा छपरावर चढला आणि अँटेना फिरवू लागला.

"आलं काय?"

"नाई! मुंग्या हाये!"

"आता?"

"आता मोठ्या मुंग्या हाये!"

"नागपूरकडं कर ना बे!"

"नागपूर कोन्या बाजूले हाये?"

"तुह्या सासऱ्याच्या बाजूले!"

"सासरा मेला ना जी माहा!"

दहा मिनिटे उरली होती. कोणीतरी म्हणाले, बांबूला टिन बांधले की चित्र पकडते. अंगणात टिनाची वस्तू मी होतो. चंद्रभान म्हणाला, "तो वाद्य हाये!" पण तोवर मी हातोहात शिडीवर गेलो होतो. तानबाने मला बांबूला आवळले आणि खालून एकदम आरोळी आली, "आलं, आलं! बिलकुल आयना!"

तानबाने हात काढला. मुंग्या. हात लावला. चित्र आले, पण थरथरत. पाच मिनिटे उरली होती. नानाजींना राहवले नाही. ते उठले, तरातरा शिडी चढले. खालून रूपरावजी ओरडत होते, "कवेलू! माहे कवेलू फुटून राह्यले!"

"सरक," नानाजी तानबाला म्हणाले. "खायाले हात हाये, धराले नाई काय?" आणि त्यांनी बांबू दोन्ही हातांनी घट्ट धरला.

खालून मनकर्णाबाई म्हणाल्या, "अगं माय, किती साफ!"

"आलं ना? धर आता," म्हणून नानाजींनी बांबू तानबाकडे दिला. मुंग्या. पुन्हा स्वतः धरला. चित्र. तीनदा हेच झाले. गुरुजी म्हणाले की यात काहीतरी शास्त्र असणार. ते कोणते, हे त्यांना अजून सापडलेले नाही.

आणि संगीत सुरू झाले. छपरावरून मी माझाच आवाज ऐकला. धम्.

चंद्रभान धावत अंगणात आला. "बाबा, उतरा! मी तुमच्यासाठीच आलो ना!"

"मी उतरलो त् काय दिसन मले? मुंग्याच ना?"

"मंग मीबी नाई पाहत."

"पाह्य जाऊन! गाव पाहून राह्यलं तुले," नानाजी वरून म्हणाले. "मी धरतो. तू जाय."

खाली टाळ्या पडल्या. कोणी शिट्टी मारली. भागीरथाबाईंना दोघी-तिघींनी मिठी मारली, त्या "कुठं? कुठं?" विचारत होत्या आणि रडत होत्या. चंद्रभान भोयर हे नाव वडनेरात आले, चार सेकंद थांबले आणि गेले. नानाजी बांबू धरून उभे होते. हात हलू नये म्हणून त्यांनी कपाळही बांबूला टेकवले होते. त्यामुळे त्यांच्या डोळ्यांसमोर वीतभर अंतरावर दुसरे काही नव्हते. मी होतो.

त्यांचे डोळे माझ्यावर फिरू लागले. लाल अक्षरांवर.

"चं... द्र... भा... न," ते म्हणाले. हळू, कागद न काढता.

मग पुढे गेले. "ना... ना..." आणि अडले. तिसरे अक्षर त्यांच्या कागदावर नव्हते. चंद्रभान भोयर या नावात 'जी' लागत नाही. त्यांनी त्या अक्षराकडे बराच वेळ पाहिले. खाली पोस्टमास्तर छत्री शोधत होता आणि लोक हसत होते. मग नानाजींनी आधीची दोन अक्षरे पुन्हा जोडून वाचली, 'नाना'. 

"सिनेमात मी होतो का बे?" त्यांनी मला हळूच विचारले.

नव्हते. तिन्ही वेळा पाटीवर नुसते 'चंद्रभान भोयर' होते, मला ठाऊक होते. त्यांनी बांबूवरचे एक बोट मोकळे केले आणि मला टिचकी मारली. ठण्. मला वाटते उत्तर त्यांना कळले.

भाग संपल्यावर ते उतरले. तानबाने विचारले, "नानाजी, तुमचं राहूनच गेलं ना पाहाचं?"

"पाह्यलं."

"कुठं जी? तुमी त् वर होते."

"वरच पाह्यलं. खालच्याहून बेस होतं. थांबून होतं."

दुसऱ्या दिवशी बाजारात कोणी तरी चंद्रभानकडे बोट दाखवून विचारले, हा कोण? नानाजी म्हणाले, "माहा पोरगा. संगीतकार हाये." चंद्रभान बाजूलाच उभा होता. त्याने वांगी निवडायला घेतली आणि तीच तीच वांगी निवडत राहिला.

मित्रांनो, गोष्ट इथे संपली असती तर मी सुखी पिपा झालो असतो. पण पुढचे बारा भाग होते. मला खाली काढले की चित्र जायचे, म्हणून मला काढले नाही. मग क्रिकेट आले, मग दुसऱ्या मालिका. चंद्रभान मुंबईला परत गेला तो माझ्याशिवाय. जाताना शिडी चढून आला, थोडा ठेका धरला आणि म्हणाला, "येतो रे." आता त्याला काम मिळते. बटणाच्या वाद्यावर करतो. टीव्हीतून कधी कधी त्याची चाल ऐकू येते आणि ती कुठे अडली आहे ते मला लगेच समजते. तिथे मी हवा होतो.

माझ्या मागच्या बाजूने गंज लागला आहे. 'फिर' गेले, 'मिलेंगे' राहिले. पण समोरचे नाव शाबूत आहे, कारण नानाजी दर दिवाळीला शिडी चढून लाल रंगाने ते गिरवतात. तिसरे अक्षरही गिरवतात, न वाचता, देवाचे चित्र काढावे तसे. रूपरावजी खालून कवेलू मोजतात.

या दिवाळीला नाव गिरवून झाले आणि कुंचल्यावर थोडा रंग उरला. नानाजींनी माझ्याकडे पाहिले. मग नावाच्या खाली ते काहीतरी काढू लागले. माझे काळीज, असते तर, धडधडले असते. तेवीस वर्षे झाली, मित्रांनो. सोफ्याचे आभार मानले गेले, ढेपेचे नाव रेडिओवर झाले. आता माझी पाळी आली होती.

शिडी धरून उभ्या असलेल्या तानबाने मान वर केली. "नानाजी, हे काय काढलं जी? डुक्कर हाये काय?"

"हत्ती हाये बे. चंद्या सांगे, हत्तीचे पाय यानंच वाजवले म्हने. याचंबी नाव पाह्यजे ना कुठंतरी."

"मंग 'पिपा' लिहाचं ना सरळ."

नानाजींनी कुंचला रंगाच्या डब्यात ठेवला.

"'प' मले येत नाई," ते म्हणाले.

तर मित्रांनो, माझी तुम्हाला एकच विनंती आहे. अक्षरे शिकायची तर सगळी शिका. कोणाचे नाव कधी लिहावे लागेल, काही सांगता येत नाही.